प्लेस्टेशनचे जुने गेम एम्युलेटरवर लावताय? या चुका टाळा

टेकन ३ लावला आणि स्क्रीन काळीच राहिली. गेम चालतोय, पण म्युझिक नाही. रात्री सेव्ह केलेलं सकाळी गायब. पहिल्या प्लेस्टेशनचा एम्युलेटर, म्हणजे त्या मशीनची फोनवर किंवा पीसीवर नक्कल करणारं सॉफ्टवेअर, लावणाऱ्यांच्या तक्रारी फिरून फिरून याच असतात, आणि जो तो सगळ्यात आधी ग्राफिक्सच्या सेटिंगमध्ये घुसतो. तिथं सहसा काहीच बिघडलेलं नसतं. १९९४ च्या डिसेंबरमध्ये जपानात आलेल्या या मशीनचा प्रोसेसर जेमतेम ३४ मेगाहर्ट्झचा, मुख्य मेमरी २ एमबी. आजचा साधा फोनही तेवढं सहज पेलतो. घोळ असतो तो फाइलींचा. म्हणून आधी फाइली तपासा, सेटिंगला हात नंतर लावा.

पहिली अडचण बायोसची. कन्सोल चालू केल्यावर जो लोगो आणि आवाज येतो, तो ज्या चिपमधून येतो तिच्यातला हा प्रोग्राम. डकस्टेशन या एम्युलेटरला आणि रेट्रोआर्क या अनेक एम्युलेटर सामावणाऱ्या अ‍ॅपमधल्या बीटल पीएसएक्स कोअरला (तिथं प्रत्येक एम्युलेटरला कोअर म्हणतात) तो लागतोच. पीसीएसएक्स रीआर्म्ड हा कोअर स्वतःच्या पर्यायी बायोसवर चालू शकतो, पण त्यात काही गेम अडखळतात, तेव्हा खरा बायोस असलेला बरा. पहिल्या प्लेस्टेशनची बायोस फाइल बरोबर ५१२ केबीची, म्हणजे ५,२४,२८८ बाइटची असते. तुमच्याकडची ४ एमबीची असेल तर ती प्लेस्टेशन २ ची आहे. दोन-अडीचशे केबीची असेल तर बहुधा ती अजून झिपमध्येच आहे, आधी बाहेर काढा. आणि बायोसच्या नावाखाली कुणी डॉट ईएक्सई किंवा डॉट एपीके दिली तर ती उघडूसुद्धा नका. बायोस कधीच तशा रूपात नसतो.

रेट्रोआर्कमध्ये आणखी एक खोच आहे. फाइल ‘सिस्टम’ फोल्डरमध्येच हवी, आत वेगळा फोल्डर करून नाही, आणि बीटलला नाव ठरलेलंच लागतं: एससीपीएच ही अक्षरं, लगेच ५५०१, आणि पुढे डॉट बिन. मध्ये डॅश नको, सगळी अक्षरं लहान लिपीतली हवीत. विंडोजला लहान-मोठ्या अक्षरांचं सोयरसुतक नसतं, लिनक्सला असतं. त्यामुळे पीसीवर चाललेलं तेच फोल्डर तिकडे नेलं की ‘बायोस मिसिंग’ येतं. ५५०१ अमेरिकेच्या डिस्कसाठी, ५५०० जपानच्या, ५५०२ युरोपच्या. कोअर लोड करून ‘इन्फॉर्मेशन’मध्ये ‘कोअर इन्फॉर्मेशन’ पाहा. कोणती फाइल सापडली आणि कोणती नाही, हे तिथं स्पष्ट लिहिलेलं असतं. अंदाज बांधत बसण्यापेक्षा हे एक मिनिटाचं काम आहे.

कायद्याचं थोडक्यात: एम्युलेटर बनवणं गैर नाही. सोनी आणि प्लेस्टेशनचा एम्युलेटर बनवणारी कंपनी कनेक्टिक्स यांच्यातल्या खटल्यात अमेरिकेतल्या अपील न्यायालयाने २००० साली कनेक्टिक्सच्या बाजूने निकाल दिला होता. बायोस आणि गेम यांवर मात्र कॉपीराइट आहे. स्वतःच्या कन्सोलमधून बायोस आणि स्वतःच्या डिस्कवरून गेम काढून घेणं हाच सरळ मार्ग, आणि त्यात एक फायदाही आहे: फाइल कुठून आली याची शंका राहत नाही.

आता डिस्क. इथं जरा थांबून नीट समजून घ्या, कारण सर्वात जास्त वेळ इथंच वाया जातो. प्लेस्टेशनची सीडी म्हणजे नुसता डेटा नव्हे. तिच्या एका सेक्टरमध्ये, म्हणजे डेटाच्या एका तुकड्यात, २३५२ बाइट असतात. डिस्कची प्रत म्हणून साधी आयएसओ फाइल बनवली की त्यातले फक्त २०४८ बाइट उचलले जातात, आणि प्लेस्टेशन जिथं व्हिडिओ आणि आवाज ठेवतं त्या सेक्टरांमधला मजकूर त्याहून जास्त असतो. मग गेम सुरू होतो, पण मधला कथेचा व्हिडिओ आला की अडकतो किंवा मुका होतो. शिवाय आयएसओमध्ये ऑडिओ ट्रॅक मावतच नाहीत. रिज रेसरसारख्या गेमचं म्युझिक म्हणजे सीडीवरची साधी गाणीच आहेत. खऱ्या मशीनमध्ये गेम सुरू झाल्यावर डिस्क काढून कॅसेटच्या दुकानातली गाण्यांची सीडी घातली तर शर्यतीत ती गाणी वाजायची! अशा गेमची आयएसओ केली की शर्यत चालते, गाणी नाहीत. म्हणून इमेज, म्हणजे डिस्कची फाइलरूपी प्रत, बनवताना बिन (सगळा डेटा) आणि क्यू (त्याची यादी) हाच प्रकार निवडा.

त्यातही एम्युलेटरमध्ये उघडायची ती क्यू, बिन नव्हे. क्यू ही अगदी छोटी मजकूर-फाइल असते. नोटपॅडमध्ये उघडून पाहा: पहिल्या ओळीत अवतरणचिन्हांत बिन फाइलचं नाव, खाली ‘ट्रॅक ०१’ आणि मोड २/२३५२, त्याखाली इंडेक्सची वेळ. ऑडिओ असेल तर ट्रॅक ०२ पासून पुढे ‘ऑडिओ’ असं लिहिलेलं. थेट बिन उघडली तर एम्युलेटरला गाणी कुठून सुरू होतात हेच कळत नाही. आणि सगळ्यात नेहमीची चूक: फोल्डर नीटनेटकं करायला बिनचं नाव बदललं, पण क्यूच्या आत जुनंच नाव राहिलं. एम्युलेटर त्या जुन्या नावाची फाइल शोधत राहतो आणि ‘डिस्क उघडता येत नाही’ म्हणतो. अवतरणातलं नाव दुरुस्त करा, स्पेस आणि एक्स्टेन्शनसकट. विंडोजमध्ये एक्स्टेन्शन दिसत नसेल तर आधी ते दाखवायला लावा, नाहीतर ‘डॉट क्यू डॉट टीएक्सटी’ अशी फाइल तयार होते आणि कारण सापडत नाही.

हा सगळा व्याप कायमचा संपवायचा असेल तर सीएचडी करा. मेम या आर्केड गेमच्या एम्युलेटर प्रकल्पासोबत येणारं सीएचडीमॅन नावाचं टूल क्यू घेतं आणि सगळे ट्रॅक एका फाइलमध्ये दाबून बसवतं. दर्जा कणभर कमी होत नाही, जागा वाचते, नाव हवं तेव्हा बदला. फोनवर खेळणाऱ्यांनी हेच करावं असं माझं स्पष्ट मत आहे.

घरात जुन्या डिस्क असतील तर उलटून पाहा. सोनीच्या मूळ डिस्कची खालची बाजू काळी असते. गेम पार्लरमध्ये तासाच्या हिशेबाने जे टेकन खेळायचो, तिथे कॉपी डिस्कच जास्त दिसायच्या. त्या आज वाचल्या जातील याचा भरवसा नाही. रीड एरर आले तर वेग कमी करून पुन्हा वाचा. ‘एरर इग्नोर करा’ हा पर्याय निवडू नका. गेम सुरू होईल, पण पुढे कुठंतरी नेमका त्या खराब सेक्टरवर बंद पडेल.

युरोपच्या डिस्कबद्दल दोन गोष्टी. त्या ५० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ५० फ्रेम. अमेरिका आणि जपानच्या ६०. बऱ्याच गेममध्ये हा फरक भरून काढलेलाच नाही, त्यामुळे अमेरिकेच्या डिस्कवर १० सेकंदांत होणारी हालचाल युरोपच्या डिस्कवर १२ सेकंद घेते. ‘एम्युलेटर स्लो आहे’ अशी तक्रार करण्याआधी डिस्कचा क्रमांक पाहा: चार अक्षरांतलं तिसरं अक्षर ई असेल तर युरोप, यू असेल तर अमेरिका, पी असेल तर जपान. दुसरं म्हणजे, फायनल फँटसी ९ सारख्या काही युरोपीय डिस्कवर लिबक्रिप्ट नावाचं कॉपीविरोधी संरक्षण होतं. त्याची खूण साध्या बिनमध्ये येत नाही. गेमच्याच नावाची छोटी एसबीआय फाइल शेजारी ठेवावी लागते, नाहीतर गेम मध्येच गोठतो.

आता सेव्हचं, जिथं नुकसान झालं की चाळीस तासांचा खेळ हातातून जातो. सेव्ह स्टेट म्हणजे मशीनचा त्या क्षणीचा फोटो. तो सोयीचा, पण त्या एम्युलेटरच्या त्या आवृत्तीशी बांधलेला. अपडेट आलं की तो उघडेलच असं नाही. गेममध्ये जाऊन मेमरी कार्डवर केलेला सेव्ह मात्र टिकतो. ते कार्ड म्हणजे १२८ केबीची फाइल, आणि रेट्रोआर्कची एसआरएम फाइल नाव बदलून डकस्टेशनला एमसीडी म्हणून देता येते. दोन्ही प्रकार एकत्र वापरत असाल तर सांभाळा: काही कोअर सेव्ह स्टेटमध्ये मेमरी कार्डही साठवतात. मागच्या आठवड्याचं स्टेट उघडलं की आजचा कार्डवरचा सेव्हही मागे जातो.

फोनवर आणखी एक. रेट्रोआर्क कार्डची फाइल गेम नीट बंद केल्यावर लिहितो. गेममध्ये ‘सेव्ह झालं’ असं दिसलं म्हणून अ‍ॅप सरळ वर सरकवून मारलं, तर ते लिहिलंच गेलेलं नसू शकतं. सेव्हिंगच्या सेटिंगमध्ये सेव्हरॅमचा (म्हणजे कार्डच्या फाइलीचा) ऑटोसेव्ह बंद असेल तर १० सेकंदांवर ठेवा, आणि मेनूतून ‘क्लोज कंटेंट’ करूनच बाहेर पडा.

एकाहून जास्त डिस्कचे गेम, उदाहरणार्थ तीन डिस्कचा फायनल फँटसी ७ किंवा दोन डिस्कचा मेटल गिअर सॉलिड, स्वतंत्र फाइली म्हणून लावू नका. दुसरी डिस्क वेगळी उघडली की रेट्रोआर्क तिच्या नावाचं नवं कोरं कार्ड देतो आणि तुमचा सेव्ह दिसतच नाही. नोटपॅडमध्ये एकाखाली एक सगळ्या डिस्कच्या फाइलींची नावं लिहा, ती यादी डॉट एमथ्रीयू एक्स्टेन्शनने सेव्ह करा आणि तीच फाइल उघडा. डिस्क बदलायची वेळ आली की मेनूतल्या डिस्क कंट्रोलमधून पुढची निवडा.

मेनूत बटणं चालतात आणि गेममध्ये नाहीत? अ‍ॅनालॉग मोड बघा. अ‍ॅनालॉग काड्यांचा ड्युअलशॉक १९९७ च्या अखेरीस आला, त्याआधीच्या काही गेमना तो ओळखताच येत नाही. पोर्ट १ ला साधा डिजिटल पॅड द्या. उलट १९९९ चा एप एस्केप दोन्ही काड्यांशिवाय चालतच नाही. बटण उशिरा लागतंय असं टीव्हीवर वाटलं तर आधी टीव्हीचा गेम मोड चालू करा.

एवढं सगळं जागेवर बसलं की मग चित्राकडे वळा. भिंती आणि रस्ते थरथरतात तो बिघाड नाही, मूळ मशीन कोपऱ्यांची जागा पूर्णांकातच मोजायचं. एम्युलेटरमधली पीजीएक्सपी ही कोपरे जास्त अचूक मोजणारी सोय चालू केली की ते स्थिर होतात, आणि थ्रीडी गेममध्ये रिझोल्यूशन वाढवलेलं खरंच छान दिसतं. टूडी गेममध्ये त्याचा उपयोग जवळपास नाही. स्क्रीन मात्र ४:३ च राहू द्या. १६:९ ला ताणलं की टेकनमधले सगळे पैलवान आडवे फुगतात. आणि सेटिंग बदलायचं ते एका वेळी एकच, गेमपुरतं वेगळं साठवून, म्हणजे एक गेम सुधारताना दुसरा बिघडणार नाही.