रंगमंचावरून कॅमेऱ्यामागे: अभिनेत्रीनं पहिला लघुपट लिहिताना आणि करताना

नांदेड, परभणी, लातूरच्या केंद्रांवर राज्य नाट्य स्पर्धा गाजवणाऱ्या मुली सिनेमा लिहायला बसल्या, की पहिल्यांदा अडतात संवादांपाशी. नाटकात शब्दांवर बरंच काही पेलतं, त्यामुळे पहिल्या खर्ड्यात पात्रं सारखी बोलत राहतात. खर्डा पूर्ण करा, मग सगळे संवाद झाकून नुसत्या कृती वाचा. गोष्ट कळली नाही तर पुन्हा लिहा. ‘टँकरची वाट बघून जीव विटला’ हे वाक्य काढून टाका. रांगेतली आपली घागर ती पायानं वीतभर पुढं सरकवते, एवढं पुरतं. अभिनेत्री म्हणून तुम्हाला हे आतून कळतं, फक्त कागदावर स्वतःवर विश्वास ठेवावा लागतो.

पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावर साधारण एक मिनिट. बारा पानांत थांबा. फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या लघुपट स्पर्धेत श्रेयनामावलीसकट १५ मिनिटांची मर्यादा आहे, आणि इतरत्रही लांबलेला लघुपट कार्यक्रमात बसवणं आयोजकांना जड जातं.

स्वतः भूमिका करावी का? फ्रेंच अभिनेत्री ज्युली डेल्पी यांनी २००७च्या ‘टू डेज इन पॅरिस’मध्ये लेखन, दिग्दर्शन, संकलन आणि मुख्य भूमिका असं सगळं केलं, पण तोवर त्यांच्यामागं युरोप-अमेरिकेतल्या कॅमेऱ्यासमोरची दोन दशकांची उमेदवारी होती. नंदिता दास यांनी २००८च्या ‘फिराक’चं दिग्दर्शन आणि सहलेखन केलं, पण त्यात स्वतः भूमिका केली नाही. आमचं स्पष्ट मत: पहिल्या लघुपटात कॅमेऱ्यामागंच राहा. राहवतच नसेल, तर तालमीला बसलेली एखादी सहकलाकार कॅमेऱ्याचं चित्र दाखवणाऱ्या मॉनिटरसमोर बसवा आणि ‘ओके’ म्हणायचा अधिकार तिलाच द्या. तसं केलं नाही, तर प्रत्येक टेकनंतर तुम्ही स्वतःचा चेहरा बघत बसाल आणि समोरच्या नटाकडं दुर्लक्ष होईल.

कॅमेरा सेकंदाला २४ फ्रेमवर लावा. आपल्याकडचे बरेच कॅमेरे २५ वर लावलेले असतात. थिएटरसाठी डीसीपी, म्हणजे तिथल्या प्रोजेक्टरवर चालणारी डिजिटल प्रत, करताना तो फरक जुळवावा लागतो आणि वेग कमी करून जुळवला तर आवाज किंचित जाड होतो. शटरचा वेग १/५० सेकंद ठेवा. आपली वीज ५० हर्ट्झची आहे, १/६० ठेवलं तर ट्यूबलाइटखाली पडद्यावर पट्टे सरकताना दिसतात.

सगळ्यात जास्त लघुपट पडतात ते आवाजात. शेतात चित्रीकरण असेल तर आधी गावच्या वायरमनला भेटून थ्री फेजचं वेळापत्रक विचारा. लाइट आली की आजूबाजूच्या विहिरींवरच्या मोटारी एकदम सुरू होतात, आणि ती घरघर नंतर संवादांमधून नीट काढता येत नाही. लेपल माइक, म्हणजे कपड्याला लावायचा छोटा माइक, काठपदराच्या साडीच्या आत लपवला तर जरीचे धागे घासून खरखर येते. ब्लाउजच्या गळ्याशी कापडी चिकटपट्टीनं पक्का बसवा. माळावरच्या वाऱ्यासाठी लांब दांडीवरच्या बूम माइकला केसाळ आवरण हवंच. प्रत्येक जागा सोडण्याआधी सगळ्यांना गप्प उभं करून एक मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करा; संकलनात सांधे त्यानंच बुजतात. एप्रिल-मे मध्ये दुपारी कॅमेरा तापून बंद पडतो, म्हणून सकाळी दहापर्यंत आणि चारनंतरच काम लावा.

दौलताबाद किंवा वेरूळला शूटिंग करायचं असेल तर भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची परवानगी लागते. अर्ज बराच आधी टाका.

इंग्रजी सबटायटल्स दोन ओळींत, ओळीला जास्तीत जास्त ४२ अक्षरं. मराठी न येणाऱ्या माणसाला दाखवा आणि तो कुठं मागं पडतो ते टिपा. तिथली ओळ छाटा.

महोत्सवांचे निकाल येईपर्यंत लघुपट यूट्यूबवर टाकू नका. अनेक मोठे महोत्सव आधी कुठंही न दाखवलेला चित्रपट मागतात, त्यामुळे पासवर्ड लावलेली लिंक पाठवा. मोठ्या महोत्सवांचे निकाल आले, की मग छत्रपती संभाजीनगरच्या अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाकडं अर्ज करा.