कबड्डीच्या जुन्या व्हीएचएस टेप जतन करताना

कपिल देवने १८ जून १९८३ रोजी टनब्रिज वेल्स येथे झिम्बाब्वेविरुद्ध केलेल्या नाबाद १७५ धावांचे चित्रीकरण उपलब्ध नाही, याची हळहळ अजूनही व्यक्त होते. मात्र ज्या कबड्डी सामन्यांचे चित्रीकरण मंडळांच्या कपाटांत पडून आहे, त्याला बुरशी लागत असल्याकडे फारसे कोणी पाहत नाही.

जुनी टेप सापडताच ती व्हीसीआरमध्ये घालू नये. आधी कॅसेटच्या मागच्या कडेचा छोटा प्लास्टिकचा तुकडा मोडावा, म्हणजे तिच्यावर चुकून काही रेकॉर्ड होणार नाही. (कित्येक अंतिम सामने पुढच्या लग्नांखाली गाडले गेले आहेत.) मग खिडकीतून रीळ पाहावे. कडेला पांढुरकी पूड दिसल्यास ती टेप वेगळी ठेवून जाणकाराकडून साफ करून घ्यावी, कारण व्हीसीआरमधील टेप वाचणाऱ्या हेडला चिकटलेली बुरशी पुढच्या चांगल्या टेपलाही लागते.

डिजिटल प्रत काढताना खरी चूक होते ती इथे. आपल्याकडच्या व्हीएचएस टेपच्या पाल या चित्रपद्धतीत सेकंदाला २५ चित्रे असली, तरी प्रत्येक चित्र एकाआड एक ओळींच्या दोन अर्ध्या चित्रांचे बनते आणि ही अर्धी चित्रे वेगवेगळ्या क्षणी टिपलेली असतात. म्हणजे सेकंदाला हालचालीचे ५० क्षण हाती येतात. दुकानदार ती एकत्र करून २५ चित्रांची एमपी४ फाइल देतो, तेव्हा पकडीतून निसटणाऱ्या चढाईपटूची बोटे मध्यरेषेला टेकल्याचा नेमका क्षणच पुसट होऊ शकतो. लग्नाच्या चित्रफितीत हे खपते, खेळात नाही. म्हणून मूळ प्रत ७२० बाय ५७६ पिक्सेल आकारात, ओळींची रचना न बदलता, एफएफव्ही१ या काहीही न गमावणाऱ्या स्वरूपात ठेवावी. तासाला वीस-पंचवीस जीबी जागा लागली तरी चालेल. पाहण्यासाठी हलकी प्रत नंतर काढता येते.

मध्यंतर किंवा ध्वनिक्षेपकावरील घोषणा कापू नयेत. गुणफलक चौकटीत नसला, तर गुण आणि चढाईपटूचे नाव त्या घोषणेतूनच कळते. वेष्टनावर ‘फायनल ८९’ एवढेच लिहिलेले असेल, तर त्या काळच्या खेळाडूंना चित्रीकरण दाखवून संघ, मैदान, निकाल लगेच नोंदवावेत. टेपपेक्षा हे काम अधिक तातडीचे आहे.

फाइलच्या तीन प्रती कराव्यात, त्यांपैकी एक दुसऱ्या गावी ठेवावी, आणि एसएचए-२५६ बेरीज (फाइलवरून संगणकाने काढलेला आकडा, फाइल जराही बदलली तर तो बदलतो) वर्षातून एकदा पडताळावी. मूळ कॅसेट फेकू नये. ती पुस्तकासारखी उभी, कोरड्या जागी ठेवावी.