कोपऱ्यात उगवणाऱ्या गेमच्या जाहिराती बंद करा

स्क्रीनच्या उजव्या खालच्या कोपऱ्यात सारख्या गेमच्या जाहिराती येतात, तेव्हा बहुतेकांना व्हायरसची शंका येते. पण अनेकदा कारण साधं असतं. कुठल्या तरी साइटने ‘नोटिफिकेशन दाखवू का?’ असं विचारलेलं असतं आणि घाईत, बऱ्याचदा घरातल्या मुलांकडून, ‘अलाऊ’ दाबलं गेलेलं असतं. मग ती साइट बंद केली तरी ब्राउझर तिचे निरोप आणत राहतो.

आधी त्या चौकटीवरचं साइटचं नाव नीट वाचा. चौकटीच्या आत मात्र क्लिक करू नका. क्रोममध्ये सेटिंग्ज, प्रायव्हसी अँड सिक्युरिटी, साइट सेटिंग्ज, नोटिफिकेशन्स असं जा. परवानगी मिळालेल्या साइट्सची यादी दिसेल. अनोळखी नावापुढच्या तीन टिंबांवर क्लिक करून ‘ब्लॉक’ निवडा. नुसतं ‘रिमूव्ह’ केलंत तर तीच साइट पुन्हा विचारू शकते. वर ‘साइट्सना नोटिफिकेशन पाठवू देऊ नका’ अशा अर्थाचा पर्याय आहे, तोही निवडून टाका. मी घरच्या कॉम्प्युटरवर हेच केलंय आणि खरंच शांतता आहे.

स्टीम या गेम विकत घेण्याच्या आणि खेळण्याच्या अ‍ॅपची जाहिरात-खिडकी वेगळी. ती स्टीमच्याच सेटिंग्जमध्ये, ‘इंटरफेस’ विभागात बंद होते. कॉम्प्युटर सुरू होताच गेमचे लाँचर, म्हणजे गेम सुरू करून देणारे प्रोग्रॅम, उघडत असतील तर कंट्रोल, शिफ्ट आणि एस्केप एकत्र दाबा, टास्क मॅनेजरच्या स्टार्टअप यादीत ते ‘डिसेबल’ करा. गेम काढून टाकावा लागत नाही. हवा तेव्हा तो स्वतः उघडता येतो.