दावादुरुस्तीचा अर्ज देण्याआधी

तालुक्याच्या कोर्टात मी दिवाणी कामं चालवते. नव्यानं सनद घेतलेली मुलं विचारतात, "मॅडम, सहा-सतराचा अर्ज कधी द्यायचा?" माझं उत्तर: आज कळलं असेल तर आजच.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ६ नियम १७ खाली दावा किंवा कैफियत (प्रतिवादीचं लेखी उत्तर) दुरुस्त करता येते. १ जुलै २००२ पासून मात्र त्याला एक अट आहे. खटल्याची सुनावणी सुरू झाल्यावर अर्ज दिला, तर योग्य ती दक्षता घेऊनही ही बाब आधी मांडता आली नसती, अशी कोर्टाची खात्री पटावी लागते. सुनावणी सुरू कधी झाली? विद्याबाई विरुद्ध पद्मलता या सर्वोच्च न्यायालयाच्या २००८ च्या निकालानंतर सरतपासणीचं, म्हणजे साक्षीदाराच्या पहिल्या जबानीचं, शपथपत्र दाखल झालं की सुरू झाली, असंच धरून चाला. मी तर कोर्टानं वादाचे मुद्दे काढायच्या आतच अर्ज देते.

एका शेतकऱ्याचा नुसता मनाईचा दावा होता. दावा चालू असताना समोरच्यानं बांध फोडून आठ गुंठे नांगरून टाकले. पक्षकारानं मला सांगितलं ते शपथपत्र दिल्यानंतर, कँटीनमध्ये, सहज. आता ताबा परत मागायलाच हवा होता. उशीर झाला कारण ते बायकोला घेऊन पुण्याच्या दवाखान्यात होते. मी अर्जात नुसतं "नजरचुकीने राहून गेले" लिहिलं नाही. नांगरट कधी झाली, ते गावी कधी परतले, मला कधी सांगितलं, हे तारखांसह लिहिलं आणि दवाखान्याचा डिस्चार्ज कागद जोडला. समोरच्याला खर्च द्यावा लागला, पण अर्ज मंजूर झाला. तेव्हापासून प्रत्येक तारखेला पक्षकाराला विचारते, "जागेवर काही बदललं का?"

अर्जात नेमके शब्द द्या: परिच्छेद ५ नंतर ५-अ म्हणून हा मजकूर, विनंतीच्या परिच्छेदात ही मागणी, परिशिष्टात या चतुःसीमा. "योग्य ती दुरुस्ती करू द्यावी" यावर कोर्ट काय हुकूम करणार? सोबत पक्षकाराचं शपथपत्र लावा. मागणी वाढली की मूल्यांकन आणि कोर्ट फी पुन्हा काढा. मुदत आधी मोजा. मुदतबाह्य झालेली मागणी दुरुस्तीच्या वाटेनं आणायला कोर्ट सहसा परवानगी देत नाही. कैफियतीत स्पष्ट दिलेली कबुली पुसायला जाल, तर तिथंही अडाल. मयताचे वारस आणायला हा अर्ज चालत नाही, त्याला आदेश २२ आहे.

आणि हुकूम झाला म्हणून काम संपत नाही. हुकुमात मुदत दिली नसेल तर नियम १८ प्रमाणे १४ दिवसांत मूळ दाव्यात दुरुस्ती करावी लागते. ती हुकली तर मुदतवाढ मागावी लागते. मी त्याच संध्याकाळी कारकुनाला घेऊन बसते: लाल शाईनं दुरुस्ती, शेजारी सही आणि तारीख, दुरुस्त दाव्याची प्रत समोरच्या वकिलांना. त्यांना जादा कैफियत द्यायची असते, म्हणून ती प्रत पुढच्या तारखेवर ढकलू नका.