निलंबनानंतर पुन्हा रुजू झालो, ते असं

मी पुण्यातल्या एका राज्य शासकीय कार्यालयात लिपिक. निलंबनाचा आदेश मिळाला, पण दोषारोपपत्र (माझ्यावर नेमके कोणते आरोप आहेत ते सांगणारा कागद) काही येईना. अजयकुमार चौधरी खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं २०१५ साली सांगितलंय: तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन पुढे रेटता येत नाही. राज्याचा ९ जुलै २०१९ चा शासन निर्णयही त्यावरच आहे. दोन्ही जोडून लेखी निवेदन दिलं, पोच घेतली. तोंडी विनवण्यांचा काही उपयोग नसतो. उत्तर नाहीच, म्हणून मुंबईच्या मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, मूळ अर्ज केला (पुण्याची प्रकरणं तिथेच जातात, थेट उच्च न्यायालयात नाही). आदेश झाला, रुजू झालो. विभागीय चौकशी अजून चालू आहे. आणि हो, निर्वाह भत्ता (निलंबनाच्या काळात पगाराऐवजी मिळणारी रक्कम) मागून घ्याच, तो हक्काचा आहे. आमचं घर त्यावरच चाललं.