सायकल अपघाताच्या जुन्या दुखापतीचं कोडिंग

नागपुरात बसून अमेरिकन पेशंटच्या फाइलींना आजार-दुखापतींचे ‘आयसीडी-१०-सीएम’ कोड लावणाऱ्या नव्या मुलांना एक गोष्ट आवर्जून सांगतो. सायकलस्वाराला कारने धडक दिली, उजव्या गुडघ्याखालचं हाड मोडलं, ते जुळलंही. पण दीड वर्षानंतर गुडघा वाकत नाही म्हणून तो आलाय. अशा वेळी पहिला कोड फ्रॅक्चरचा टाकू नका. आज जो त्रास आहे तो आधी: गुडघ्याचा ताठरपणा, एम२५.६६१. मग मूळ दुखापत, एस८२.१०१एस. शेवटी अपघाताचं कारण, व्ही१३.४एक्सएक्सएस.

यातला शेवटचा ‘एस’ म्हणजे मागे राहिलेला परिणाम. तो कायम सातव्या जागीच बसतो, म्हणून मधल्या रिकाम्या जागा ‘एक्स’ने भरायच्या. एक ‘एक्स’ सुटला तरी कोड अवैध ठरतो. घाईत हे फार होतं, आणि पेशंटचा विम्याचा क्लेम विनाकारण अडकतो. ताठरपणाच्या कोडला मात्र ‘एस’ लावायचा नसतो.

किती वर्षं झाली याला मर्यादा नाही. फक्त हा त्रास त्याच अपघातामुळे आहे, असं डॉक्टरांच्या नोंदीत असायला हवं. नसेल तर अंदाज बांधू नका, सरळ डॉक्टरांना क्वेरी पाठवा.