काउंटर-स्ट्राइक २ गेम : सरावाचा राउंड दर दोन मिनिटांनी संपतो?

स्मोक (धुराचा ग्रेनेड) कुठे पडतो ते बघायला जावं आणि राउंड संपून परत स्पॉनवर, म्हणजे सुरुवातीच्या जागी यावं, हा वैताग. माझ्याकडे सेटिंग टाकूनही हेच होत होतं. चूक क्रमात होती.

आधी गेम सेटिंगमध्ये डेव्हलपर कन्सोल (कमांड टाइप करायची खिडकी) चालू करा. प्रॅक्टिसमधून मॅप उघडा, एस्केपखालच्या बटणाने कन्सोल काढा आणि पहिली ओळ टाका: एसव्ही_चीट्स 1. ती नसेल तर ग्रेनेडचा मार्ग दाखवणाऱ्या कमांड चालतच नाहीत. मग एमपी_राउंडटाइम_डिफ्यूज 60 (राउंडची वेळ, मिनिटांत), एमपी_फ्रीझटाइम 0 (राउंडच्या सुरुवातीचं थांबणं बंद), एमपी_बायटाइम 9999 आणि एमपी_बाय_एनीव्हेअर 1 (खरेदी कधीही, कुठेही), बॉट_किक (संगणकाचे खेळाडू बाहेर). (टाइप अर्थातच इंग्रजीत.)

खरी मेख इथे आहे: राउंडची नवी वेळ चालू राउंडला लागू होत नाही. एमपी_वॉर्मअप_एंड (वॉर्मअप संपवायला) आणि मग एमपी_रीस्टार्टगेम 1 दिलं की घड्याळ साठ मिनिटांवर येतं.

एसव्ही_इन्फिनिट_अॅमो 1 ठेवलं तर रीलोडच लागत नाही. नेमबाजीच्या सरावाला ते वाईट. तिथे 2 ठेवा, म्हणजे मॅगझिन संपतं, साठा संपत नाही. दोघांना एकाच बाजूला खेळायचं असेल तर एमपी_लिमिटटीम्स 0 आणि एमपी_ऑटोटीमबॅलन्स 0 ही जोडी हवीच.

रोज टाइप कोण करणार? सगळ्या ओळी नोटपॅडमध्ये लिहून 'प्रॅक्टिस.सीएफजी' नावाने गेमच्या सीएफजी फोल्डरमध्ये ठेवा आणि कन्सोलमध्ये 'एक्झेक प्रॅक्टिस' म्हणा. फाइल सापडत नसेल तर विंडोजमध्ये एक्स्टेन्शन दाखवायला सांगा. बहुतेक वेळा शेवटी '.टीएक्सटी' लपलेलं असतं.